शब्दचर्चा: बेसबॉलमधला 'जर्नीमन' मराठीत कसा आणावा?

टाकसाळ: एडविन जॅक्सन या पिचरच्या कारकिर्दीवरचा लेख मराठीत आणायचा आहे. २००३ ते २०१९ या काळात तो मेजर लीगमध्ये (बेसबॉलच्या सर्वोच्च लीगमध्ये) १४ संघांकडून खेळला, आणि लेखात त्याला सतत 'जर्नीमन पिचर' म्हटलंय. सध्या मसुद्यात 'भटका गोलंदाज' आहे, पण खटकतंय. दुसरं काही सुचतं का? शिवाय 'आउट ऑफ ऑप्शन्स' आणि 'डेझिग्नेटेड फॉर असाइनमेंट' यांचं काय करायचं?

पाटावरवंटा: 'भटका' काढाच. यातल्या 'जर्नी'चा प्रवासाशी संबंध नाही. मूळ फ्रेंच शब्दाचा अर्थ दिवसभराचं काम. युरोपातल्या कारागीर-संघांत तीन पायऱ्या असत: शिकाऊ, मग रोजावर काम करणारा तयार कारागीर, आणि शेवटी स्वतःचं दुकान असलेला वस्ताद. जर्नीमन म्हणजे मधला. हात बसलेला, पण दुकान दुसऱ्याचं. पहिल्या पायरीला आपल्याकडे 'उमेदवारी' हा नेमका शब्द आहे. (निवडणुकीने तो पळवला, पण जुन्या गद्यात 'वकिलाकडे उमेदवारी करणे' सर्रास सापडतं.) मधल्या पायरीला 'रोजकरी' किंवा 'रोजंदार' म्हणता येईल.

गल्लीबोळ: 'रोजंदार' म्हटलं की डोळ्यांसमोर बिगारी येतो, कसब येत नाही. माझं मत 'कसबी'ला. 'भाडोत्री' चालणार नाही, त्यात निष्ठा विकल्याचा वास आहे. 'सुमार' तर नाहीच. याच जॅक्सनने २५ जून २०१० रोजी ॲरिझोनाकडून, आपल्याच जुन्या टॅम्पा बे संघाविरुद्ध, नो-हिटर टाकला. १४९ चेंडू, ८ वॉक (चुकीच्या चेंडूंमुळे फलंदाजाला फुकट मिळालेला पहिला बेस), तरी अख्ख्या सामन्यात एकही हिट, म्हणजे फटक्यावर बेस गाठणं, नाही. त्यानंतर जेमतेम पाच आठवड्यांत ॲरिझोनाने त्याला शिकागो व्हाइट सॉक्सला देऊन टाकलं!

आणि 'गोलंदाज'ऐवजी 'पिचर'च ठेवा. पिचर धावत येत नाही. रबराच्या पट्टीला पाय टेकवून १८.४४ मीटरवरच्या होम प्लेटकडे (जिथे फलंदाज उभा असतो) कोपर वाकवून फेकतो. क्रिकेटमध्ये ज्याला 'फेकी' म्हणून नो-बॉल देतात, तोच इथला धंदा.

रबरावर पाय: 'रोजंदार' इतक्यात सोडू नका. मेजर लीगमध्ये पगार खरोखरच दिवसावर मोजला जातो. २०२५चा किमान पगार ७,६०,००० डॉलर. हंगाम साधारण १८७ दिवसांचा. म्हणजे वर बोलावलेल्या खेळाडूला दिवसाला ४,००० डॉलरच्या आसपास. त्याच्या खालच्या ट्रिपल-ए पातळीवर, २०२३च्या करारानुसार, पूर्ण वर्षाचा किमान पगार होता ३५,८००. सेवाही दिवसांतच भरते: १७२ दिवस म्हणजे एक वर्ष, ४३ दिवसांत पेन्शनचा हक्क, सहा वर्षं भरली की फ्री एजन्सी, म्हणजे हव्या त्या संघाशी करार करायची मोकळीक. काठावरच्या पिचरला आपली हजेरी किती भरली ते तोंडपाठ असतं.

आता ऑप्शन. 'पर्याय संपलेला पिचर' लिहिलंत तर अर्थ उलटा होईल, कारण हा पर्याय खेळाडूचा नसून संघाचा. संघाच्या ४० जणांच्या मुख्य यादीतल्या खेळाडूला वेव्हर्सवर (म्हणजे इतर संघांना उचलायला खुला) न टाकता मायनर लीगला, म्हणजे खालच्या पातळीवर, पाठवायची मुभा संघाला सहसा तीन हंगाम मिळते. त्या हंगामात तो खाली एकूण २० दिवस तरी राहिला तरच ती मुभा खर्ची पडते. एकाच हंगामात त्याला कितीही वेळा वरखाली करत, म्हणून २०२२पासून पाचाची मर्यादा आली. मुभा संपली की खाली धाडण्याआधी त्याला वेव्हर्सवर टाकावं लागतं, आणि मग कोणताही संघ उचलू शकतो. बहुतेकांचं गाव बदलणं इथूनच सुरू होतं. म्हणून 'फिरस्ता' वगैरेही चूक. तो फिरत नाही, त्याला फिरवतात. वाक्यं शक्यतो तशीच रचा: पाठवला, उचलला, सोडला.

'डेझिग्नेटेड फॉर असाइनमेंट'साठी एके ठिकाणी 'नियुक्तीसाठी नामनिर्देशित' वाचलं. ऐकून वाटतं बढती मिळाली! प्रत्यक्षात ४० जणांच्या यादीतून नाव तत्काळ कटतं, आणि सात दिवसांत संघाने त्याचा सौदा करायचा, वेव्हर्सवर टाकायचं किंवा मोकळं करायचं. कोणी उचललं नाही तर त्याला मायनरमध्ये धाडता येतं, पण तीन वर्षांची सेवा असलेला किंवा पूर्वी एकदा असा धाडलेला खेळाडू नकार देऊन मोकळा होऊ शकतो. 'यादीतून काढलं' इतकं पुरे. सात दिवसांची अट पहिल्या उल्लेखाला एका वाक्यात द्या.

लिंबूटिंबू: 'बारा गावचं पाणी प्यायलेला' कसं वाटतं?

गल्लीबोळ: मथळ्याला छान, पण त्यात थोडा बेरकीपणा येतो. रिच हिलला मात्र शोभेल. २०१५मध्ये लाँग आयलंड डक्स या स्वतंत्र लीगमधल्या संघाकडून खेळून तो मेजर लीगमध्ये परतला, पुढच्याच वर्षाअखेर डॉजर्सशी तीन वर्षांचा ४.८ कोटी डॉलरचा करार केला, आणि २०२५मध्ये ४५व्या वर्षी कॅन्सस सिटीकडून चेंडू टाकून जॅक्सनच्या १४ संघांच्या विक्रमाची बरोबरी केली.

पाटावरवंटा: 'बदली' कोणी सुचवायच्या आत सांगतो. गिरणीतला बदली कामगार अर्थाने जवळ आहे, पण खेळाच्या पानावर 'बदली खेळाडू' म्हणजे राखीव, असंच वाचलं जाईल.

टाकसाळ: मग असं करतो: पहिल्यांदा 'जर्नीमन, म्हणजे संघ नेमतील तिथे रोजावर राबणारा कसबी पिचर', पुढे नुसतं 'कसबी पिचर'. मथळा 'चौदा संघांचं पाणी'. चालेल?

रबरावर पाय: चालेल. फक्त १४चा हिशेब जपून करा. जुलै २०११मध्ये व्हाइट सॉक्सने जॅक्सनला टोरोंटोला दिलं आणि टोरोंटोने त्याच दिवशी सेंट लुईसला. तेव्हा टोरोंटोकडून तो एकही चेंडू खेळला नाही, म्हणून तो संघ त्या वर्षी मोजत नाहीत. मे २०१९मध्ये ओकलंडकडून रोख मोबदल्यात तो पुन्हा टोरोंटोकडे आला आणि मैदानात उतरला, तेव्हा १४वा संघ लागला आणि ऑक्टाव्हियो डोटेलचा १३चा विक्रम मोडला. वॉशिंग्टन आणि डेट्रॉइटकडून तो दोन वेगवेगळ्या वेळी खेळलाय, तेही प्रत्येकी एकदाच धरा.