अनुभव धागा: शाखाच नसलेल्या खात्यात नोटा कशा भरल्यात?

शुभदा_लिहिते
परवा भाचीच्या लग्नानंतर आहेराची पाकिटं फोडायला बसलो होतो. मी पाकिटावर चिकटवलेली रुपयाची नाणी सोडवत होते, मोजणी दुसऱ्यांकडे. नोटांचा ढीग बघून नवरीबाई म्हणाल्या, "मावशी, माझं खातं तर ॲपवर आहे. हे भरू कुठे?"

आणि मला एकदम नोव्हेंबर २०१६ आठवला. नवीनच निघालेलं मोबाइलवरचं खातं मी मोठ्या हौसेने उघडलं होतं. ८ तारखेच्या रात्री नोटाबंदी जाहीर झाली. घरात ५०० च्या जुन्या नोटा, आणि बँक अशी की आमच्या गावात तिला दारच नाही. कस्टमर केअरवाली गोड आवाजात म्हणाली, "जवळच्या शाखेत जमा करा." जवळची शाखा म्हणजे रात्रभराचा प्रवास. शेवटी बाबांबरोबर त्यांच्या बँकेच्या रांगेत उभी राहिले, पैसे त्यांच्या खात्यात भरले, मग त्यांनी ते मला पाठवले. बाबांनी तेव्हा जे ऐकवलं ते इथे लिहिता येणार नाही.

तुम्ही काय करता? लिहा.

अभ्या७७
भाचीला सांगा, ॲपमध्ये खात्याचा आयएफएससी (बँकेच्या शाखेचा कोड) बघ. पहिली चार अक्षरं बँकेची असतात. आपल्याकडे निव्वळ ॲपवर चालणाऱ्या बँकेला रिझर्व्ह बँकेचा वेगळा परवाना नाही, त्यामुळे मागे कुठली तरी नेहमीची बँक असतेच. पैसे तिच्याकडेच असतात.

आता ती बँक खिडकीवर रोख घेईल का, हा वेगळा विषय. मी गेलो तर खिडकीवरच्या साहेबांनी स्लिप परत सरकवली, "हे आमचं खातं नाही." अहो, आयएफएससी तुमचा! मग मॅनेजर, मग कुठेतरी फोन, मग "हो, आपलंच आहे, पण याला शाखेत कॅश नाही." म्हणजे आधी फोन करून विचारलेलं बरं.

गोधडी
आमच्याकडे नवरा हेच कॅश डिपॉझिट मशीन. त्याला नोटा द्यायच्या, तो यूपीआय करतो. कधी कधी "आउट ऑफ सर्व्हिस" असतो 😄

टिवल्याबावल्या
@गोधडी, पावती देतो का?

गोधडी
पावती नाही, प्रश्न देतो. "एवढे आले कुठून?"

मीनल_द
फोनवरून लिहितेय, शुद्धलेखन सांभाळून घ्या. मी शिकवण्या घेते, फिया अर्ध्या रोख येतात. बँकेचं मशीन आहे म्हणून माझं भागतं. पण मशीनचे नखरे! मुलांनी दप्तरातून आणलेल्या नोटा, चार घड्या घातलेल्या. मी आदल्या रात्री त्या वहीखाली दाबून ठेवते, कोपरे उलगडते, स्टेपलरची पिन राहिली नाही ना बघते. तरी एक नोट घ्यायचं नाही म्हणजे नाहीच. उलटी घाला, सुलटी घाला, जीभ दाखवल्यासारखी बाहेर. चिकटपट्टीवाली तर विसराच, ती शाखेत बदलून घ्यावी लागते.

एकदा नोटा आत गेल्या आणि पडदाच काळा. पावती नाही, मेसेज नाही. मी मशीनवरचा नंबर आणि वेळ लिहून घेतली, पडद्याचा फोटो काढला आणि तिथूनच तक्रार केली. मशीनमधल्या रकमेचा ताळा केल्यावर पैसे आले. पण तोवर जेवण गोड लागलं नाही.

कुकर झाला, येते.

नाना_निवृत्त
आमच्या हिचं खातं टपाल खात्याच्या पेमेंट्स बँकेत आहे. पोस्टमन दारात येतो, रोख घेतो, अंगठा घेतो, मेसेज येतो. अडचण एकच, हिचा अंगठा उमटत नाही. आयुष्यभर भांडी घासून रेषा गेल्या. पोस्टमन बिचारा रुमालाने यंत्र पुसतो, हिचं बोट पुसतो, दहाही बोटं करून होतात. एखादं लागतं. पोरगा सोशिक आहे.

लक्षात ठेवा, पेमेंट्स बँकेत दिवसअखेर २ लाखांपर्यंतच शिल्लक ठेवता येते. २०२१ च्या आधी ती मर्यादा १ लाख होती.

मीनल_द
नाना, काकूंना नमस्कार सांगा. बोटांना आधी थोडं क्रीम लावून बघा, माझ्या आईला उपयोग झाला.

केदार_क
महत्त्वाचं, कोणी लिहिलं नाही म्हणून. एटीएमबाहेर कोणी म्हणालं, "मला रोख हवीय, तुमच्याकडची द्या, मी लगेच यूपीआय करतो," तर सरळ नाही म्हणा. माझ्या चुलतभावाने भलेपणाने दिली. पैसे आले, सगळं ठीक. काही आठवड्यांनी खातं गोठलं. आलेली रक्कम कुणाच्या तरी फसवणुकीतली होती. त्या माणसाने सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर तक्रार केली, माग काढत पोलीस याच्या खात्यापर्यंत पोचले. परराज्यातल्या पोलीस ठाण्याला ईमेल, फोन, कागद... त्या महिन्याचा पगार त्याच खात्यात अडकला. घरच्या माणसाकडून करून घ्या, अनोळखी माणसाकडून नको.

शुभदा_लिहिते
बाप रे. हे भाचीला आत्ता पाठवते.

अभ्या७७
@शुभदाताई, आणखी एक. तिचं खातं व्हिडिओ केवायसीचं (व्हिडिओ कॉलवर ओळख पटवून उघडलेलं) आहे की नुसत्या आधार-ओटीपीवर उघडलेलं? ओटीपीवालं असेल तर शिल्लक १ लाखाच्या वर जाऊ शकत नाही आणि वर्षात एकूण २ लाखांपर्यंतच जमा होतात. आधी पूर्ण केवायसी करून घ्या, नाहीतर आहेर अडकेल.

वैद्यबुवा
२०२३ ला २००० च्या नोटा मागे घेतल्या तेव्हा आमच्या दुकानाच्या गल्ल्यातल्या भरायला गेलो होतो. त्या दिवशीची रक्कम ५० हजारांच्या वर, म्हणून पॅन मागितला. मागचे आजोबा म्हणाले, "माझा पॅन घरी आहे, तुमचाच द्या की." असे भोळे लोक आहेत अजून!

टिवल्याबावल्या
यूपीआयने रोख भरायची सोय आली ना? कार्ड नको, यूपीआयला जोडलेला मोबाइल नंबर किंवा यूपीआय आयडी वापरायचा.

केदार_क
हो. रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२४ मध्ये जाहीर केली, ऑगस्टमध्ये सुरू झाली. दुसऱ्या बँकेच्या मशीनमध्येही चालते, म्हणजे ॲपवाल्यांसाठी हीच खरी सोय. फक्त मशीनवर तो पर्याय दिसला पाहिजे. माझ्याकडच्या एका मशीनवर आहे, शेजारच्यावर नाही.

शुभदा_लिहिते
पर्याय दिसला! भाची आणि जावई मशीनवर जाऊन आले. नोटांचं झालं. पण पाकिटांवरची नाणी राहिलीत, पिशवीभर. मशीन घेत नाही.

नाना_निवृत्त
नाणी शाखेतच. बँकेला नाही म्हणता येत नाही. शंभर-शंभरच्या पिशव्या करून न्या, मोजणारा खूश होतो.

गोधडी
आणि गोंद काढून न्या. चिकटलेली नाणी कोण मोजणार?

शुभदा_लिहिते
@गोधडी, खोबरेल तेलाने निघतोय. आत्ताच बसलेय.

टिवल्याबावल्या
मला पाठवा सगळी, मी लगेच यूपीआय करतो 😄

केदार_क
ए!