साताऱ्याच्या दगडात 160 कोटी वर्षांपूर्वीचा जीव?

यवतेश्वरकर:
परवा आपल्या ग्रुपवर फोटो आला. फुटलेला काळा दगड, आत नेच्याच्या पानासारखी नक्षी. खाली ओळ : 'चित्रकूटसारखे 160 कोटी वर्षांपूर्वीचे जीव साताऱ्यातही, सरकार दडवतंय.' माझ्या भाचीनं तेच शाळेच्या प्रकल्पात उतरवलं, म्हणून लिहायला बसलोय.

ती नक्षी मँगनीजची आहे. भेगेतून पाणी झिरपतं, मँगनीज मागं राहतं आणि फांद्या फुटत पसरतं. पानाला मधली शीर असते. इथं नुसती फांदीला फांदी. आणि आपला कातळ लाव्हाचा, साधारण 6.6 कोटी वर्षांचा. विंध्य भागातल्या चित्रकूटचा खडक उथळ समुद्राच्या तळाशी साचलेला. तिथं फॉस्फेटमुळे पेशी जशाच्या तशा टिकल्या. 2017 मध्ये स्वीडनच्या स्टेफान बेंग्टसन यांच्या गटानं क्ष-किरणांनी आत पाहिलं, तर धाग्यात पेशींची रांग आणि पेशीपेशीत एक चकती. लाल शैवालासारखं. ते लाल शैवालच का, यावर अजून वाद आहे, पण जीव आहे यात शंका नाही.

खटावकर:
आपल्या मातीत काही निघालं की तुम्हा लोकांच्या पोटात दुखतं. देहरादूनचे भूशास्त्रज्ञ रफत आझमी यांनी 1998 मध्येच विंध्याच्या खडकातले जीवाश्म दाखवले. तेव्हा इथल्यांनीच त्यांच्यावर संशय घेतला. स्वीडनचा माणूस म्हणाला तेव्हा खरं झालं!

मिरजवाली:
दादा, अर्धंच सांगताय. आझमींनी तो खडक कँब्रियन, म्हणजे 54 कोटी वर्षांच्या आसपासचा धरला होता. नंतर शिशाच्या समस्थानिकांवरून, म्हणजे शिशाच्याच कमी-जास्त वजनाच्या अणूंच्या प्रमाणावरून वय काढलं, ते 160 कोटींच्या घरात गेलं. चित्रकूटचे जीवाश्म खरे, वय चुकलेलं. त्यातल्या एका शैवालासारख्या जीवाला नाव त्यांचंच दिलंय, रफतआझ्मिया. संशयाचा त्रास त्यांना झाला, हे मात्र मान्य.

खटावकर:
मग कातळ लाव्हाचा म्हणून जीवाश्म नाही म्हणता, तर वरळीच्या टेकडीत बेडूक कसे निघाले?

यवतेश्वरकर:
निघाले. हे मी लिहायला हवं होतं. दोन लाव्हांच्या मधल्या काळात तळी साचली, त्या गाळात बेडूक राहिले. पण तेही लाव्हाच्याच काळातले. 160 कोटी कुठून आणणार?

पाटणची सून:
तुमचं कोटी-कोटी चालू द्या. आमच्या वरच्या अंगाला खडी क्रशर आहे. दुपारी सुरुंग उडाला की देवळीतला दिवा हलतो. सासऱ्यांनी बांधलेली विहीर दोन उन्हाळे झाले कोरडी. अर्ज दिला तर साहेब म्हणतात, पाऊस कमी झाला.

तासगावचा:
पाऊस खरंच कमी झालाय, वहिनी. सगळंच क्रशरवर ढकलू नका. घर बांधायला खडी तुम्हालाही लागलीच की.

पाटणची सून:
लागली. म्हणून विहिरीपासून हाकेच्या अंतरावर सुरुंग लावायचा? माझ्या भिंतीची भेग बघायला या, बोट जातं आत. मग शिकवा.

मिरजवाली:
भेगेचा फोटो तारखेसकट काढून ठेवा, दर महिन्याला. आमच्याकडे त्यावरच पंचनामा झाला.

तासगावचा:
बोट जात असेल तर माझं चुकलं. पण पाण्याचं मी म्हणतो ते खरंच आहे.

यवतेश्वरकर:
ही चर्चा कशावरून सुरू झाली होती?

खटावकर:
माझ्याच फोटोवरून. तो फोटो मी टाकलेला. दगड आमच्याकडच्या क्रशरच्या ढिगातला. पोरगं नाचत घेऊन आलं, नखानं खरवडलं तर नक्षी बोटाला काळी लागली. तेव्हाच शंका यायला हवी होती. 160 कोटींची आणि सरकारची ओळ काढतो. फोटो ठेवतो. ज्या डोंगराचा तो दगड आहे, तो लहानपणी आमच्या अंगणातून दिसायचा. आता त्याच्या जागी आभाळ दिसतं.