मदत हवी आहे: एसीचा कुबट वास घालवायला कापूर चालेल का?

नमस्कार मंडळी. आम्ही दादरला राहतो, तिसरा मजला. पाऊस सुरू झाल्यापासून एसी लावला की पहिली दहा मिनिटं ओल्या पायपुसण्यासारखा वास येतो. जाळी दर पंधरा दिवसांनी नळाखाली धुते. काल टॉर्च मारून आत पाहिलं, तर ब्लोअरच्या पात्यांवर काळे ठिपकेच ठिपके!

शेजारच्या काकू म्हणतात, जाळीला कापराची वडी बांध किंवा निलगिरीचे चार थेंब टाक. मला धीर होत नाही. घरात दीड वर्षाची लेक आहे आणि सासूबाईंना दमा. इतक्या लहान मुलांजवळ कापूर नको, असं आमच्या डॉक्टरांनी बजावलंय. शिवाय तो चटकन पेट घेतो. स्प्लिट एसी खोलीतलीच हवा फिरवत राहतो, म्हणजे जे टाकू ते सगळं त्यांच्याच छातीत जाणार.

सुगंधाने वास झाकायचा नाहीये, बुरशीच काढायची आहे. कुणी ब्लोअर सोडवून धुऊन घेतलाय का? किती खर्च आला? बंद करण्याआधी थोडा वेळ नुसता पंखा मोडवर चालवला तर आतली ओल खरंच सुकते का? सासूबाईंना रात्री खोकल्याची उबळ येते, म्हणून घाई आहे. कृपया अनुभव सांगा.