लॉरा मार्सची नजर तिची स्वतःची आहे का?

अंधारखोली (धागाकर्ती):
अर्विन कर्श्नर यांचा १९७८ सालचा ‘आइज ऑफ लॉरा मार्स’ हा न्वार वळणाचा, म्हणजे गुन्हा, संशय आणि विश्वासघात यांभोवती फिरणाऱ्या काळोख्या शैलीचा चित्रपट महत्त्वाकांक्षी स्त्रीची बाजू घेतो, असे अलीकडे वारंवार वाचायला मिळते. मला तो तसा मुळीच वाटत नाही. (खुनी कोण हे पुढे उघड होणार आहे. ज्यांनी चित्रपट पाहिलेला नाही त्यांनी आधी तो पाहून यावा.)

लॉरा (फे डनवे) ही न्यूयॉर्कमधली नावाजलेली फॅशन छायाचित्रकार आहे. उंची कपडे, अर्धनग्न मॉडेल आणि मारलेल्या माणसांसारखे पडलेले देह एकाच चौकटीत मांडून तिने नाव आणि पैसा दोन्ही कमावले आहेत. तिच्या वर्तुळातल्या लोकांचे खून होऊ लागतात, आणि ते होत असताना तिला खुन्याच्या डोळ्यांना दिसणारे दृश्य दिसते. तेवढा वेळ तिच्या समोरचे जग नाहीसे होते. पोलीस अधिकारी नेव्हिल (टॉमी ली जोन्स) तिला पोलिसांच्या दप्तरातली, कधीही प्रसिद्ध न झालेली छायाचित्रे दाखवतो, आणि लॉराने स्वतः रचलेली दृश्ये त्यांच्याशी जुळतात.

माझा आक्षेप नेमका इथे आहे. ती चित्रे शेजारी शेजारी ठेवली गेली की मांडणी, प्रकाशयोजना, धाडस असे जे काही आपण लॉराचे समजत होतो, ते दुसऱ्या कुणाच्या डोक्यातून तिच्यात झिरपले असावे, असे चित्रपट सुचवतो. ‘रिअर विंडो’मधला (१९५४) पाय मोडून घरी बसलेला छायाचित्रकार लांब पल्ल्याच्या लेन्समधून समोरच्या घरातल्या खुनाचा माग काढतो. ‘ब्लो-अप’मधला (१९६६) छायाचित्रकार एकच दृश्य मोठे करत करत झुडपातल्या पिस्तुलापर्यंत पोहोचतो. पुरुषाच्या हाती कॅमेरा आला की तो शोध घेऊ लागतो, आणि लॉरा मात्र ऐन कामात आंधळी होते.

तिरपा प्रकाश:
असहमत. खुनी कोण आहे, याचा विचार आपण केलेला दिसत नाही. सुरुवातीच्या प्रदर्शनात नेव्हिल लॉराला न ओळखता तिच्याच तोंडावर तिच्या चित्रांना नावे ठेवतो. तिच्या कामाने ज्याच्या नीतीला ठेच लागते, जो तिचा रक्षक म्हणून घरात येतो आणि तिच्या प्रेमात पडतो, तोच शेवटी खुनी निघतो. महत्त्वाकांक्षी बाईला धडा शिकवायला निघालेल्या माणसालाच हा चित्रपट आरोपीच्या पिंजऱ्यात उभा करतो.

शिवाय कोलंबस सर्कलचा प्रसंग पुन्हा पाहावा. भर रस्त्यात मोडक्या मोटारी पेटलेल्या आहेत, फरच्या कोटांतल्या मॉडेल एकमेकींशी झटापट करीत आहेत, सहायकांची धावपळ चालली आहे, आणि या सगळ्याच्या मधोमध लॉरा गुडघे वाकवून, कॅमेरा डोळ्याला लावून सूचना देत आहे. तिच्या शब्दावर तो सगळा चौक हलतो. एखाद्या स्त्रीचे व्यावसायिक प्रभुत्व इतक्या थाटात दाखवणारे प्रसंग त्या काळच्या हॉलीवूडमध्ये मला तरी फारसे आठवत नाहीत.

जुना प्रोजेक्टर:
याला न्वार म्हणावे का, हाच मुळात प्रश्न आहे. डोळ्यांवर टोकदार हत्यार चालवणारा खुनी, फॅशनचे जग आणि खुन्याच्या नजरेने फिरणारा कॅमेरा ही सामग्री ‘जालो’ची, म्हणजे इटालियन रहस्यमय खूनपटांच्या प्रकाराची आहे. कथा जॉन कार्पेंटर यांची आहे, आणि त्याच वर्षी आलेला त्यांचा ‘हॅलोविन’ही खुन्याच्या डोळ्यांनीच सुरू होतो. त्यामुळे ‘पुरुषाची नजर’ वगैरे अर्थ काढण्याआधी ही एका लेखकाची आवडती युक्ती आहे, एवढे तरी मान्य करावे.

अंधारखोली:
जुना प्रोजेक्टर, युक्ती आवडती असली म्हणून ती निरर्थक ठरत नाही. ज्याच्यावर विश्वास ठेवला तोच उलटतो, आणि शहरात कोणीही धुतल्या तांदळाचे नाही. माझ्या लेखी न्वार म्हणायला एवढे पुरेसे आहे.

तिरपा प्रकाश, कोलंबस सर्कलचा प्रसंग देखणा आहे हे मान्य. पण त्याच चित्रणाच्या वेळी तिला खून दिसू लागतो आणि तिचे प्रभुत्व तिथेच कोलमडते. आपला नेव्हिलविषयीचा मुद्दा तर मला अधिकच खटकतो. हिंसा आणि देह यांचा असा वापर करणाऱ्या जाहिरातींना त्या वर्षांत अमेरिकेत सर्वांत ठाम विरोध स्त्रियांनी केला होता. १९७६ साली रोलिंग स्टोन्सच्या एका अल्बमच्या जाहिरातीत दोरांनी बांधलेली, अंगावर वळ उठलेली स्त्री होती. लॉस एंजेलिसच्या सनसेट बुलेवार्डवरचा तो फलक स्त्रियांच्या निदर्शनांनंतर उतरवावा लागला. चित्रपटात हा आक्षेप लॉराला गांभीर्याने तोंड द्यायला लावणारी एकही स्त्री नाही. तो एका मनोरुग्ण पुरुषाच्या तोंडी घातला, म्हणजे उत्तर देण्याची जबाबदारीच संपली.

सोनचाफा:
थोडे अवांतर, पण विषयाला धरून. भारतातल्या पहिल्या महिला वृत्तछायाचित्रकार होमाई व्यारावाला मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या, आणि त्यांची सुरुवातीची छायाचित्रे पती माणेकशॉ यांच्या नावाने छापली गेली. धागाकर्तीने जे गूढ शक्तीच्या रूपात पाहिले, ते तिथे कसल्याही गूढाशिवाय घडले. मला म्हणूनच लॉराची कथा अतिशयोक्त वाटत नाही. स्त्रीने काढलेले चित्र पुरुषाचे ठरणे ही तिच्या व्यवसायातली खरी भीती आहे, आणि चित्रपट ती भीती दाखवतो, तिचे समर्थन करीत नाही.

तिरपा प्रकाश:
सोनचाफा यांच्याशी सहमत. आणखी एका प्रसंगाकडे लक्ष वेधतो. आपल्याला नेमके काय होते, हे लॉरा नेव्हिलला व्हिडिओ कॅमेरा आणि पडदा वापरून समजावते: समोर उभे असलेले मला दिसत नाही, पडद्यावर जे उमटते तेवढेच दिसते. स्वतःवर कोसळलेल्या अघटिताचे स्पष्टीकरण ती आपल्याच धंद्याच्या साधनांनी देते. कारागिरी हिरावली गेलेल्या बाईला हे सुचले नसते.

अंधारखोली:
प्रसंग उत्तम निवडलात, पण ती हे सारे समजावते आहे ते प्रत्यक्ष खुन्याला! शेवटी ती गोळी झाडते तीही नेव्हिलने स्वतः तशी विनवणी केल्यावर.

सोनचाफा, व्यारावालांचे उदाहरण माझ्याच बाजूचे आहे, असे मला वाटते. लॉराची म्हणून पडद्यावर दिसणारी छायाचित्रे हेल्मुट न्यूटन आणि रेबेका ब्लेक यांची आहेत. या चित्रपटावर लिहिणारे बहुतेक जण न्यूटन यांचा उल्लेख आवर्जून करतात. ब्लेक याच तिथल्या खऱ्या स्त्री छायाचित्रकार असूनही त्यांचे नाव या धाग्यावर आत्तापर्यंत कोणीही घेतले नव्हते.

तिरपा प्रकाश:
तो दोष लिहिणाऱ्यांचा आहे, कथेचा नाही. ब्लेक यांची चित्रे कुठे पाहायला मिळत असतील तर त्यावर वेगळा धागा काढावा. मी तिथेही वाद घालायला येईन.