तो टकला मेकॅनिक कोण? (सोसायटी सिनेमा ग्रुप)

बी-304: ‘रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क’मध्ये विमानाच्या पंख्यात सापडतो तो टकला जर्मन मेकॅनिक कोण हो?

ए-702: पॅट रोच. बर्मिंगहॅमचा पहिलवान, जन्म 1937चा, उंची साडेसहा फुटांच्या आसपास. त्याच सिनेमात आधीही येऊन गेलाय. नेपाळच्या गुत्त्यातला दाढीवाला शेर्पा बघा. ‘दोघांनाही गोळ्या घाला’ ऐकल्यावर इंडीचा (नायक इंडियाना जोन्सचा) गळा सोडून घटकाभर त्याच्याच बाजूने लढतो 😄

बी-304: एकच माणूस? पत्ताच लागला नाही!

ए-702: दाढी काढली, डोकं तासलं, झालं काम.

सी-101: इंडीच्याच 1984च्या ‘टेंपल ऑफ डूम’मध्येही आहे, खाणीतला मुकादम. सरकत्या पट्ट्यावरची मारामारी नीट बघा. वरून छोटा महाराजा इंडीच्या मंतरलेल्या बाहुलीला टोचतो म्हणून इंडी मधेच कळवळून पडतो. ते निसटलं तर जिंकत आलेला माणूस अचानक का हरतो, कळत नाही. शेवटी मुकादमाचा शेला दगड भरडणाऱ्या रोलरमध्ये अडकतो.

डी-203: त्या वेळी इंडी झालेल्या हॅरिसन फोर्डची पाठ धरली होती. बरंच काम त्याच्या डबलने, म्हणजे बदली स्टंटमनने, विक आर्मस्ट्राँगने केलंय.

बी-304: अमरीश पुरींचा तोच ना?

सी-101: तोच. भारतात शूटिंगची परवानगी मिळाली नाही, म्हणून सिनेमातलं गाव श्रीलंकेत उभं केलं.

डी-203: पहिलवान का घेतात सांगू? टीव्हीवरच्या ब्रिटिश कुस्तीत समोरच्याला न दुखवता आपटायचं आणि जबर लागल्यासारखं पडायचं, हेच रोजचं काम. पडद्यावर ठोसा हनुवटीपासून वीतभर लांबून जातो, कॅमेरा मारणाऱ्याच्या खांद्यामागे असतो. खाणाऱ्याने मान उशिरा वळवली की बिंग फुटलंच. आणि आखाड्यातली हालचाल मागच्या रांगेला दिसावी म्हणून मोठी असते, ती कॅमेऱ्याजवळ आवरती घ्यावी लागते. रोचला हे जमायचं.

बी-304: म्हणजे आयुष्यभर नुसता मारच खाल्ला का 😅

ए-702: छे! ‘आउफ विडरझेन, पेट’ ही 1983ची मालिका बघा. जर्मनीत कामाला गेलेले ब्रिटिश कामगार, त्यात हा ब्रिस्टलचा, ‘बॉम्बर’ टोपणनावाचा गवंडी. शांत, भला माणूस. माझ्या मते त्याचं सगळ्यात चांगलं काम हेच. 2004 मध्ये गेला.

सी-101: दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकनेही दोनदा घेतलाय. 1971 ला ‘अ क्लॉकवर्क ऑरेंज’मध्ये बारचा बाउन्सर, 1975 ला ‘बॅरी लिंडन’मध्ये सैनिकांच्या रिंगणात ठोसेबाजी करणारा टूल.

बी-304: मग पुढच्या शनिवारी ‘बॅरी लिंडन’?

डी-203: तीन तासांच्या वर आहे. आठला सुरू करा, जेवून या. टूल पूर्वार्धातच येतो, उशिरा आलात तर हुकेल.