खटका हाय, पण जाळ न्हाई : न पेटणाऱ्या लायटरचे अनुभव

गंगावेस, जुनं घर

परवा दिवेलागणीला निरांजन लावायला लायटर घेतला. खट्. खट्. खट्. ठिणगी उडतेय, ज्योत नाही. आपल्याकडं जाळ आणि धूर संगटच म्हणतात, इथं दोन्हींचा पत्ता नाही. उजेडापुढं धरून बघितला तर आत गॅस निम्मा शिल्लक. काडेपेटी घ्यावी तर ती पावसानं मऊ पडलेली, काडी ओढली की गुल खरवडून येतंय. सिगारेट सोडून सहा वर्षं झाली, पण लायटरनं अजून मला सोडलेलं नाही.

त्या झटापटीत आजोबांचा पेट्रोलचा लायटर आठवला. कपाटातून काढला. मुलामा कोपऱ्यांवर झिजून खालचं पितळ दिसतंय, टोपण उघडताना अजून तोच 'टिक्' आवाज. पण चाक जागचं हलेना. आतला सांगाडा ओढून काढला, तळाचा स्क्रू फिरवला, स्प्रिंग टुणकन बाहेर आली. ठिणगी पाडणारा दगड मात्र आला नाही. वर्षानुवर्षं दमट हवेत पडून त्या दगडाचा भुगा झाला होता आणि भुगा फुगून नळीत घट्ट बसला होता. मशीन न लावता बारीक ड्रिल बिट नुसतं चिमटीत धरून फिरवत बसलो. वर्तमानपत्रावर करडी पूड पडत राहिली. दोन संध्याकाळी गेल्या. चाकाचे दाते जुन्या टूथब्रशनं साफ केले, वातीचं काळं झालेलं टोक चिमट्यानं वर ओढून कापलं, नवा दगड घातला. तळातल्या कापसात लायटरचं पेट्रोल थेंबथेंब सोडलं, हात पुसले, बाहेर ओघळलेलं उडून जाऊ दिलं आणि अंगठा मारला. पहिल्या फटक्यात! त्या वासासरशी आजोबांचा खुंटीवरचा काळा कोटच डोळ्यापुढं आला.

आजोबांचा लागला, पण दहा-वीस रुपयांचा प्लॅस्टिकचा अजून तसाच रुसलाय. तुमच्याकडं काय झालं, काय केलं, लिहा. 'फेकून दे आणि दुसरा घे' हा सल्ला घरात मिळालेला आहे.

उद्यमनगर, लेथवाला

दादा, पयलं एक सांगा, दाबल्यावर 'स्स' आवाज येतोय का? ठिणगी हाय आन् आवाज न्हाई म्हणजे गॅस वर येत न्हाई. आवाज येतोय आन् पेटत न्हाई म्हणजे तोंडाला कचरा, न्हाईतर ज्योतीचा काटा पार कमीवर. दोन आजारांना दोन औषधं. लोक मात्र दगडच बदलत बसत्यात.

माझा स्वतःचा घोटाळा भरायच्या लायटरचा. नवा गॅस भरला की दोन दिवसांत बंद. तीनदा भरला, शिव्या घातल्या. मग शेजारच्या शेडातल्या मामांनी दाखवलं. आत हवा कोंडलेली असतीया, तिच्यावर गॅस भरला तर तो निम्माच बसतोय आन् ज्योत फडफडतीया. भरायच्या आधी लायटर उलटा धरायचा, बुडातला व्हॉल्व्ह बारीक पेचकसानं दाबायचा आन् 'स्स' थांबेपर्यंत सोडायचा न्हाई. काटा कमीवर. मग उलट्या लायटरवर गॅसचा डबाबी तोंड खाली करून उभा दाबायचा, चार-पाच सेकंद, एका दमात. पंपावानी खाली-वर केलं की परत हवा आत. भरल्यावर लायटर हाताला गार लागतो, तवा लगेच पेटवायचा न्हाई. धा मिनिटं च्या पिऊन या. आन् हे सगळं दारात बसून, चुलीपाशी न्हवं.

आणखी एक. गॅस कटिंगचा टॉर्च पेटवायला आमी वाटीचा चकमक लायटर वापरतो, खिशातला कधीच न्हाई. वेल्डिंगची ठिणगी खिशातल्या गॅसच्या लायटरवर पडली तर काय हुईल, इचार करा. नव्या पोरांना पयल्या दिवशी खिसे रिकामे करायला लावतो.

गारगोटीवाला

दगड म्हटलं की आमच्या गावाला बोलणं आलंच! भुदरगड तालुक्यातल्या गारगोटी गावच्या माणसानं लायटरच्या गारगोटीवर लिहायचं नाही तर कुणी लिहायचं.

पण गंमत अशी की लायटरमधला 'दगड' हा दगडच नव्हे. तो लोखंड आणि सिरियमसारख्या धातूंचा मिश्रधातू. कार्ल आउअर फॉन वेल्सबाख या ऑस्ट्रियन रसायनशास्त्रज्ञानं 1903 साली त्याचं पेटंट घेतलं. आमचे पणजोबा चकमक वापरायचे, तिच्यात खरी गारगोटी आणि पोलादाची पट्टी. तिथं गारगोटी पोलादाचा कण खरवडून काढते आणि तो पोलादाचा कण जळतो. लायटरमध्ये उलटं, पोलादी चाक दगडाला खरवडतं आणि दगडाचाच कण जळतो. म्हणून गारगोटी पिढ्यान् पिढ्या पुरायची आणि हा दगड झिजून संपतो. चाक गुळगुळीत सरकतंय, बोटाला खरखर लागत नाही, म्हणजे दगड संपला किंवा खालची स्प्रिंग मेली.

तुमच्या आजोबांच्या दगडाचा भुगा झाला तोही धातू म्हणूनच. दमट हवेत गंजला. खरी गारगोटी असती तर शंभर वर्षं तशीच राहिली असती.

राजारामपुरी, सातवी गल्ली

खिशातला लायटर माझ्याकडे नाही, पण शेगडीच्या लायटरचं लिहिलं तर चालेल ना? महिनाभर सासूबाई आणि मी एकमेकींकडे संशयानं बघत होतो. त्यांच्या हातात पेटायचा, माझ्या हातात नाही. 'तुझा हातच ओला गं' असं त्यांचं ठरलेलं. (होता ओला, कबूल आहे.)

एका रात्री लाइट गेली. गॅस बंदच होता, सहज अंधारात लायटर दाबून बघितला आणि उमगलं. ठिणगी होती, पण नळीच्या तोंडाशी नव्हती. आत खोलवर एका बाजूला निळसर चमकत होती. त्या लायटरला ना दगड, ना सेल. आत एक स्फटिक असतो. दाबलं की स्प्रिंगची हातोडी त्याच्यावर आपटते आणि काही हजार व्होल्टची वीज क्षणभर तयार होते. दाबानं स्फटिकात वीज येते हे क्युरी बंधूंनी 1880 साली दाखवलं होतं. ती वीज मधल्या काडीतून नळीच्या कडेवर उडी मारते. काडीभोवती ओल आणि काजळी असली की तिला आतूनच आडवाट मिळते. आमच्या लायटरच्या नळीत उतू गेलेल्या दुधाची साय वाळून बसली होती!

कान कोरायच्या काडीनं आत पुसलं, काळा बोळा निघाला. मग गच्चीवर दोन तास उन्हात. तेव्हापासून माझ्याही हातात पेटतो. भांड्यांबरोबर नळाखाली लायटर धुणाऱ्या नणंदबाईंना हे कोण सांगणार, एवढाच प्रश्न आहे. खटका वाजतो आणि अंधारातही काहीच दिसत नाही, अशी वेळ आली तर मात्र आतलं यंत्रच गेलेलं असतं, नवा आणावा.

पन्हाळा-पावनखिंड, सहाव्यांदा

जुलैतली वाट. पहिल्या मुक्कामाला पोचेपर्यंत सॅकमधलं सगळं भिजलेलं. लायटर दोन, दोन्ही गप्प. सोबतच्या पोरानं रागानं चाक इतकं फिरवलं की अंगठा सोलला. ओल्या दगडावर चाक फिरवलं की चिखल होतो आणि दात्यांत भरतो, तेच झालं होतं. एका धनगरमामांनी लायटर हातात घेतला, फुंकला, घोंगडीच्या कोरड्या आतल्या बाजूवर चाक लांब ओढत नेलं, दहा-बारा वेळा. मग काखेत धरून गप्पा मारत बसले. जरा वेळानं ठिणगी, मग ज्योत. तेव्हापासून एक लायटर फुग्यात घालून गाठ मारतो. हसा खुशाल.

माजी जवान, शिरोळ तालुका

काखेवरून आठवलं. लडाखला असताना पहाटे लायटर कधीच लागायचा नाही. बिघाड काही नसायचा. आतला ब्युटेन उणे अर्ध्या अंशाच्या आसपास उकळतो. त्याखाली गारठा गेला की तो पातळच राहतो, वर वाफ येणार कुठून? रात्री लायटर आतल्या खिशात, अंगाला लागून ठेवायचा. खटक्याच्या ठिणगीचे लायटर तिथल्या विरळ हवेत आणखीच दगा द्यायचे, चाकाचा त्यातल्या त्यात बरा. गावी सुट्टीवर आलो की तोच लायटर पहिल्या झटक्यात पेटायचा, आणि घरचे म्हणायचे, उगं फौजेतल्या थापा मारतोय.

टपरी, बिंदू चौकाच्या अलीकडं

आमचा दोरीला बांधलेला असतो. दिवसात किती अंगठे लागतात मोजत नाही. चाकात तंबाखूची पूड जाते, रोज सकाळी ब्रश मारतो. जून 2023 पासून वीस रुपयांच्या आतले लायटर बाहेरून आणायला सरकारनं बंदी घातलीय, तेव्हापासून गिऱ्हाईक दुरुस्तीचं विचारायला लागलंय, नाहीतर कोण विचारत होतं! चाकावरची पत्र्याची पट्टी काढून द्या म्हणतात. मी देत नाही. ती पोराबाळांच्या हातून पेटू नये म्हणून असते.

कसबा बावडा

चैत्रात जोतिबाला गेलो. गाडी उन्हात, लायटर काचेखाली डॅशबोर्डवर. परत आलो तर प्लॅस्टिकचे तुकडे मागच्या सीटपर्यंत, काचेला बोटभर चीर. दुरुस्तीचा अनुभव विचाराल तर काचेचा आहे, लायटरचा नाही.

गंगावेस, जुनं घर

लेथवाले भावा, 'स्स' येत नव्हता. तुमचं वाचून वरचं पत्र्याचं टोपण काढलं. अंगठ्याच्या पट्टीला पलीकडं एक चिमुकलं दुबेळकं, म्हणजे दोन फाट्यांचं टोक असतं, ते गॅसच्या तोटीला मानेखाली धरून वर उचलतं. तेच खाचेतून निसटून बाजूला पडलं होतं. पट्टी दाबली जात होती, तोटी जागची हलत नव्हती. चष्मा कपाळावर, चिमटा हातात, श्वास रोखून ते परत मानेखाली सरकवलं. स्स! टोपण बसवलं, अंगठा मारला, बोटभर ज्योत.

पळत देवघरात गेलो. शेजारच्या वहिनींकडून काडेपेटी आणून बायकोची आरती उरकली होती. प्रसाद दिला आणि म्हणाली, लायटर राहू दे, कपाटाचं कुलूप बघा आता, तुम्ही त्या दिवसापासून उघडंच टाकलंय.