मदत हवी आहे: क्रीम घातलेली फळांची जेली, २५ जणांसाठी

शनिवारी घरी २५ माणसं जेवायला आहेत. मागच्या वेळी जेलीत ताजा अननस घातला आणि रात्रभर फ्रिजमध्ये ठेवूनही ती पातळच राहिली. नंतर कळलं, कच्च्या अननसातलं एन्झाइम जेली घट्ट करणारं जिलेटिन मोडतं. किवी, पपईचंही तेच. आता अननस शिजवूनच घालीन, तो प्रश्न सुटला.

खरी अडचण वेगळीच आहे. काही पाहुणे शाकाहारी आहेत, म्हणून प्राण्यांपासून मिळणाऱ्या जिलेटिनऐवजी अगर-अगर (समुद्री शेवाळापासून बनणारा, जेली घट्ट करणारा पदार्थ) वापरणार आहे. ते उकळावं लागतं आणि फ्रिजबाहेरच घट्ट व्हायला लागतं. मग क्रीम नेमकं कधी मिसळायचं? थंड क्रीम घातलं की लगेच गुठळ्या होतात. आधी कोमट करून घेतलं तर चालेल का? १ लिटर मिश्रणाला अगर-अगरची पावडर किती घेता? जेली मऊ हवी, रबरासारखी अजिबात नको. कुणी केली असेल तर प्लीज सांगा.